घटस्फोटानंतर माहेरचं नाव परत लावायचंय, बडोद्यात सुरुवात कुठून करू?

तुम्ही लिहिलंय की बडोद्याच्या कुटुंब न्यायालयातून संमतीच्या घटस्फोटाचा हुकूम मिळालाय, आधारपासून बँकेपर्यंत सगळीकडे सासरचं नाव आहे, आणि एजंट म्हणतोय, "आधी गॅझेट करा, त्याशिवाय काही होणार नाही." एजंटचं म्हणणं अर्धंच खरं आहे. गॅझेट, म्हणजे नाव बदलल्याची नोंद सरकारी राजपत्रात छापून आणणं, कोणाला लागतं ते पुढे सांगते.

हुकुमाने लग्न संपतं, नाव आपोआप बदलत नाही. लग्नात नवऱ्याचं नाव लावायची कायद्याने सक्ती नव्हती, तशी आता ते काढायचीही नाही. काढायचं ठरवलंत की प्रत्येक खिडकीवर एकच प्रश्न येणार: हुकुमातली बाई आणि शाळेच्या दाखल्यातली बाई एकच कशावरून? बरेच अर्ज इथेच परत येतात. हुकूम घटस्फोट सिद्ध करतो, तुमचं माहेरचं नाव सिद्ध करत नाही. समजा, घटस्फोटाच्या अर्जाच्या शीर्षकात फक्त सासरचं 'सुनीता अमोल दळवी' असेल आणि माहेरचा 'काळे' हा शब्द अख्ख्या हुकुमात कुठेच नसेल, तर त्या कागदाला 'सुनीता वसंत काळे' माहीतच नाही. म्हणून हुकुमाला विवाह नोंदणीचा दाखला जोडायचा, कारण दोन्ही नावं त्यात सापडतात. तिसरा कागद शाळा सोडल्याचा दाखला, म्हणजे आपलं 'लिविंग'. हे तीन कागद एका फायलीत असले की निम्मं काम झालं. (ज्यांचा अर्ज अजून कोर्टात आहे त्यांनी वकिलाला सांगून संमतीच्या अटींमध्ये "अर्जदार यापुढे अमुक हे माहेरचं नाव वापरेल" असं एक वाक्य घालून घ्यावं. फुकटात होतं आणि पुढचा बराच त्रास वाचतो.)

हुकुमाची प्रमाणित नक्कल कोर्टाच्या नकल शाखेतून घ्या, एकदम तीन-चार. ई-कोर्टवरून काढलेली प्रिंट चालत नाही, त्यावर शिक्का नसतो. हुकूम गुजरातीत असेल तर नोटरी केलेलं इंग्रजी भाषांतर आत्ताच करून ठेवा. पासपोर्टला आणि गुजरातबाहेरच्या कचेऱ्यांना ते लागू शकतं. संमतीच्या हुकुमावर अपील नसतं, त्यामुळे तुम्हाला थांबायची गरज नाही. भांडून मिळालेला हुकूम असेल तर अपिलाची मुदत संपली का ते वकिलाकडून कळेपर्यंत काही हलवू नका.

आता घरी बसून करायचं काम, जे कोणी करत नाही. एका कोऱ्या कागदावर आपलं नाव इंग्रजीत आणि गुजरातीत, पुढे सगळीकडे जसं हवं अगदी तसं लिहा. बडोद्यातल्या मराठी माणसाच्या नावात इतके फाटे आहेत की काही विचारू नका. लिविंगवर आडनाव पहिलं: 'काळे सुनीता वसंतराव'. मतदार यादीत कोण्या कारकुनाने तुम्हाला 'सुनीताबेन' केलेलं, वडिलांना 'वसंतभाई'. बँकेत नुसतं 'वसंत'. इंग्रजीत काळेंच्या 'का'ला एक ए की दोन, दळवींच्या मध्ये ए आहे की नाही. हे सगळे फरक संगणकासाठी वेगवेगळ्या बायका आहेत. माझं मत असं: लिविंगवरचं किंवा पदवीवरचं स्पेलिंग धरा. पदवी महाराजा सयाजीराव विद्यापीठाची आणि लग्नाआधीची असेल तर तीच सर्वांत सोयीची, कारण विद्यापीठात जाऊन पुन्हा काही बदलावं लागत नाही. बेन, भाई, राव गाळून टाका. आणि गुजराती फॉर्मवर 'अटक' असं लिहिलेलं दिसलं तर दचकू नका, तिथे आडनाव विचारलंय.

गॅझेटचं असं. माहेरचंच नाव, दाखल्यात आहे तसंच लावणार असाल आणि वरचे तीन कागद जुळत असतील तर बहुतेक कामं गॅझेटशिवाय होतात. पण आपल्याकडे लग्नात तांदळाच्या ताटात नवं नाव लिहायची पद्धत आहे. 'सुनीता वसंत काळे'ची 'सई अमोल दळवी' झाली असेल आणि सगळे कागद त्या नावाने असतील, तर तीनही शब्द वेगळे पडतात. तेव्हा गॅझेट करूनच घ्या. आईचं आडनाव लावायचं असेल, आडनावच नको असेल, किंवा विवाह नोंदणीचा दाखला नसेल, तरीही तेच. गुजरात सरकारच्या ई-राजपत्राच्या संकेतस्थळावर अर्ज होतो. जुन्या नावाचं ओळखपत्र, नव्या नावाचा पुरावा आणि सोगंदनामा (प्रतिज्ञापत्र) लागतो. सोगंदनामा ई-स्टॅम्पवर करायचा. कागदी स्टॅम्पची विक्री गुजरातमध्ये ऑक्टोबर 2019 पासून बंद आहे, तेव्हा कोणी जुना पिवळा कागद विकत असेल तर घेऊ नका. राजपत्र छापून आल्यावर तुमच्या नावाची ओळ कापून ठेवू नका. खंड, तारीख आणि पृष्ठ क्रमांक दिसेल असं पूर्ण पान ठेवा, नाहीतर कोणी ग्राह्य धरत नाही. राज्याऐवजी दिल्लीहून केंद्राचं राजपत्र करणार असाल तर माहेरच्या नावावर परतणाऱ्या बाईकडे तिथे हुकुमाची प्रत किंवा नवऱ्याचं ना-हरकत पत्र मागतात. या अटीला 2024 मध्ये दिल्ली उच्च न्यायालयात आव्हानही दिलं गेलं. तुमच्याकडे हुकूम आहे, त्यामुळे नवऱ्याच्या सहीच्या मागे लागायचं कारण नाही.

पहिली खिडकी आधारची, आणि जपायचं ते इथेच. आधारमध्ये नाव आयुष्यात दोनदाच बदलता येतं. लग्नानंतर एकदा बदललंत, म्हणजे उरली एकच खेप. ती स्पेलिंगच्या चुकीत गेली तर तिसऱ्या वेळी आधारच्या प्रादेशिक कार्यालयाकडे अर्ज, गॅझेट आणि बरीच वाट पाहणं. नाव ऑनलाइन बदलत नाही, केंद्रावरच जावं लागतं. शुल्क 75 रुपये. कागद मूळ न्या, झेरॉक्स नको, तिथे ते स्कॅन करून परत देतात. हुकूम पंधरा पानी असेल तर ऑपरेटर पहिलंच पान स्कॅन करून मोकळा होतो आणि अर्ज नाकारला जातो, कारण आदेश आणि शिक्का शेवटच्या पानावर असतो. त्याला स्वतःहून सांगा: पक्षकारांच्या नावांचं पान, आदेशाचं पान, शिक्क्याचं पान.

मग तो पडदा तुमच्याकडे वळवतो. वळवला नाही तर वळवायला सांगा. वर इंग्रजी नाव, खाली गुजराती. गुजराती ओळ यंत्र इंग्रजीवरून आपोआप बनवतं, आणि इंग्रजीत ळ नाही. काळेचं 'काले' होतं, दळवीचं 'दलवी', कधी 'सुनीता'मधली दीर्घ वेलांटी ऱ्हस्व होते. गुजराती लिपीत ळ आहे, ऑपरेटरला तो टाइप करता येतो, फक्त कोणी सांगितल्याशिवाय करत नाही. रांगेतली माणसं मागे कुरकुरत असली तरी दोन्ही ओळी बोट ठेवून अक्षर-अक्षर वाचा. पावती हातात आल्यावर ती तिथल्या तिथे पुन्हा वाचा, कारण पावतीवर जे आहे तेच छापलं जाणार.

पत्त्यात 'केअर ऑफ'पुढे नवऱ्याचं नाव असेल तर तो भाग पत्त्यात मोडतो, नावात नाही. तो बदलल्याने नावाची खेप खर्च होत नाही, आणि पत्ता ऑनलाइनही बदलता येतो. माहेरी राहायला आला असाल तर नवा पत्ता आणि हे एकदमच करा.

आधारवर नवं नाव दिसायला लागलं की पॅन. पॅनचा क्रमांक तोच राहतो, नवं पॅन चुकूनही काढू नका, दोन पॅन ठेवणं दंडाला पात्र आहे. दुरुस्तीचा अर्ज करायचा. छापील कार्ड घरी हवं असेल तर 107 रुपये. अर्जात प्रत्येक रकान्याच्या डावीकडे छोटी चौकट असते. जे बदलायचंय त्याचीच चौकट टिक करायची असते. नाव नीट भरूनही चौकट रिकामी राहिली तर जुन्याच नावाचं कार्ड नव्याने छापून येतं. दुसरं, तिथे आधी आडनाव, मग नाव, मग मधलं नाव असा क्रम आहे. वडिलांच्या रकान्यात वडीलच राहतात, लग्न झालेल्या बाईलाही, त्यामुळे तिथे काही बदल नाही. आधारच्या ई-केवायसीने (म्हणजे आधारवरून ऑनलाइन ओळख पटवून) अर्ज केलात तर नाव थेट आधारवरून उचललं जातं. आधार आधी करायला सांगते ते यासाठीच. आणि आयकर विवरणपत्र भरायच्या हंगामात पॅन बदलायला घेऊ नका. बँकेत जुनं नाव आणि पॅनवर नवं असलं की खात्याची पडताळणी अडते आणि परतावा लटकतो.

बँकेत नवं आधार, नवं पॅन, हुकुमाची नक्कल आणि नव्या सहीचा नमुना. जुन्या नावाचे चेक कोणाकोणाला दिलेत ते आठवून ते वटल्यावरच जा. एकाच बँकेत बचत, मुदत ठेव, लॉकर असेल तर "सगळीकडे बदललं ना?" हे विचारून घ्या, मुदत ठेवीवर जुनं नाव तसंच राहून गेलेलं सापडतं. आणि त्याच भेटीत नॉमिनी तपासा. घटस्फोट झाला म्हणून बँक, विमा, भविष्य निर्वाह निधी यातून नवऱ्याचं नाव आपोआप जात नाही. नाव बदलायला सहा महिने लागले तरी चालतील, नॉमिनी या आठवड्यात बदला.

पासपोर्टला 'रीइश्यू'चा, म्हणजे पुस्तिका नव्याने काढायचा अर्ज, कारण म्हणून वैयक्तिक तपशिलात बदल. 36 पानी पुस्तिकेचे 1500 रुपये. बडोद्यात पासपोर्ट सेवा केंद्र आहे, त्यामुळे अहमदाबादला जायला नको. नाव मोठ्या प्रमाणात बदलत असेल तर तत्काळ मिळत नाही, म्हणजे परदेशी जायची तारीख ठरली असेल तर आधी जुन्या पासपोर्टवर जाऊन या. तिकीट आणि व्हिसा पासपोर्टवरच्या नावाने असले की पुरतं. नुसतं नवऱ्याचं नाव पुस्तिकेतून काढायचं असेल तर डिसेंबर 2016 च्या बदलांनंतर घटस्फोटाचा हुकूमही दाखवावा लागत नाही. आडनाव बदलताना मात्र न्याच. जुन्या पुस्तिकेत चालू व्हिसा असेल तर ती रद्दचा शिक्का मारून परत मिळते, फेकू नका.

मतदार ओळखपत्राला फॉर्म 8, ऑनलाइन, फुकट. एका अर्जात एकच प्रकार निवडता येतो, नावाची दुरुस्ती किंवा पत्त्याचं स्थलांतर, त्यामुळे दोन्ही हवं असेल तर दोन अर्ज. 'नातेवाईक' या रकान्यात पतीऐवजी वडील करायला विसरू नका. वाहन परवान्याचा अर्ज 'सारथी' या सरकारी संकेतस्थळावर भरून दरजीपुऱ्याच्या आरटीओत कागद दाखवायचे. विजेचं बिल, गॅस, मोबाईल यांना घाई नाही.

रेशन कार्डात अडचण अशी की तुमचं नाव सासरच्या कार्डात आहे आणि कार्ड त्यांच्या कपाटात. तिथून नाव कमी झाल्याचा दाखला असल्याशिवाय माहेरच्या कार्डात नाव चढत नाही. ते अर्ज करणार नसतील तर हुकुमाची प्रत लावून पुरवठा शाखेत स्वतः लेखी अर्ज द्या आणि पोच घ्या.

काही कागदांना हातच लावायचा नाही. सासरच्या नावाने घेतलेल्या फ्लॅटचा दस्त बदलत नाहीत. विकताना 'सुनीता वसंत काळे, पूर्वीचे नाव सुनीता अमोल दळवी' असं लिहून हुकूम जोडतात. मुलांच्या जन्मदाखल्यात आईचं नाव जन्माच्या वेळी होतं ते बरोबरच आहे, ती चूक नाही, म्हणून दुरुस्तीचा अर्ज टिकत नाही. शाळेत नावाचा मेळ विचारला तर हुकूम दाखवायचा. मुलांचं आडनाव बदलणं हा वेगळाच विषय, त्यात वडिलांची संमती किंवा कोर्ट येतं; तुमच्या नावाच्या अर्जांत तो मिसळू नका.

एजंटला द्यायचेच असतील तर सोगंदनामा आणि ई-राजपत्राचा अर्ज भरण्यापुरते द्या. आधारच्या पडद्यावरचा ळ तो तुमच्यासाठी वाचणार नाही.