व्ही. के. मूर्ती यांच्या छायाचित्रणात एवढं वेगळं काय होतं? नवीन कॅमेरामनने त्यातून काय शिकावं?

कारकीर्द उरकून टाकतो. माणूस म्हैसूरचा, व्हायोलिन वाजवणारा. 'बाजी'च्या (१९५१) वेळी सहायक होते, तिथे गुरुदत्तनी त्यांना हेरलं आणि 'जाल'पासून (१९५२) आपला कॅमेरा त्यांच्याकडे दिला. २००८ सालचा फाळके पुरस्कार मिळाला. कॅमेरामनला मिळालेला तो पहिलाच.

शैलीचं मात्र सविस्तर सांगणार, कारण तिच्यापायी मी शिव्या खाल्ल्यात.

'कागज के फूल'मधला (१९५९) ओसाड स्टुडिओत वरून तिरपा उतरणारा तो झोत आठवा. तो दिवा नाही, आरशांवरून फिरवून आत घेतलेलं खरं ऊन आहे. दिवा जवळ असतो, त्याचा उजेड फाकतो. ऊन लांबून येतं, म्हणून झोताच्या कडा सरळ राहतात.

मी एका मालिकेवर सहायक होतो. जुना वाडा, भर दुपार, जनरेटर बसलेला. मेकअपचा मोठा आरसा उचलला, स्पॉटदादांना तो धरून चौकात उभं केलं आणि ऊन माजघरात सोडलं. नुसत्या हवेत झोत दिसत नाही, म्हणून देवघरातलं धुपाटणं आणलं. सासूबाईंचा अर्धा चेहरा उन्हात, अर्धा काळोखात. काय दिसत होत्या! तेवढ्यात जनरेटर सुरू झाला आणि आमचे कॅमेरामन साहेब मॉनिटरपाशी आले. "आर्टिस्टला पैसे पूर्ण चेहऱ्याचे देतात, अर्ध्याचे नाही." दोन्ही बाजूंनी उजेड चेहऱ्यावर परतवणारे थर्माकोलचे पांढरे तक्ते लागले. सासूबाई फ्रीजचं दार उघडल्यासारख्या उजळल्या.

अहो साहेब, 'साहिब बीबी और गुलाम'मधलं 'साकिया आज मुझे' बघा. मागे नाचणाऱ्या बायकांचे चेहरेच दिसत नाहीत, नुसत्या आकृत्या. उजेड फक्त पुढच्या एकीवर. त्यांनाही पैसे मिळालेच असतील ना?

तर तुम्ही ते गाणं आवाज बंद करून बघा आणि प्रत्येक शॉटला उजेड कुठून येतोय ते बोटाने दाखवा. चुकाल, पुन्हा बघा. कॅमेरा कुठला घ्यावा हे नंतर विचारा.

बाकी नुसता काळोख केला म्हणजे मूर्ती होत नाही, हेही खरं. आणि आमचं ऊन वीस मिनिटांत सरकलं होतं. समोरच्या सुनेचा क्लोज-अप त्याला जुळला नसता. साहेबांनी हे कारण दिलं असतं तर मी मुकाट्याने आरसा परत ठेवला असता. त्यांनी दिलं ते पैशाचं.