संस्कृतीची उत्क्रांती जनुकांसारखी होते का?

प्रश्न : कल्पना आणि चालीरीती पिढ्यानपिढ्या बदलतात, त्यांतल्या काही टिकतात आणि बाकीच्या लोप पावतात. मग त्यांची उत्क्रांती जनुकांसारखीच होते असे म्हणावे का?

उत्तर : संस्कृतीची उत्क्रांती होते हे खरे, पण ती जनुकांसारखी होते हे मला पटत नाही. भाषांची आणि सजीवांच्या जातींची घडण यांतले साम्य डार्विन यांनी १८७१ मध्येच नोंदवले होते; पुढे १९७६ मध्ये जीवशास्त्रज्ञ रिचर्ड डॉकिन्स यांनी एका मेंदूतून दुसऱ्या मेंदूत नक्कल होऊन पसरणाऱ्या सांस्कृतिक घटकाला ‘मीम’ हे नाव दिले. वैविध्य, वारसा आणि निवड ही उत्क्रांतीची तिन्ही अंगे संस्कृतीत दिसतात, त्यामुळे तुलना निराधार नक्कीच नाही.

खरी अडचण आहे ती नकलेची. आई आणि वडील यांच्याकडून प्रत्येकी सुमारे ३ अब्ज अक्षरांचा डीएनए मुलाला मिळतो आणि त्यात नव्याने उद्भवलेले बदल साधारणपणे शंभराच्या आतच असतात. याउलट, मानसशास्त्रज्ञ फ्रेडरिक बार्टलेट यांनी १९३२ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगांत एकाने दुसऱ्याला, दुसऱ्याने तिसऱ्याला सांगितलेली गोष्ट काही टप्प्यांतच आखूड झाली, आणि तिच्यातले अपरिचित तपशील एकतर गळाले किंवा ऐकणाऱ्यांच्या ओळखीच्या साच्यात बसवले गेले. म्हणजे आपण कल्पना उतरवून घेत नाही, तर ऐकलेल्यावरून ती मनात नव्याने रचतो. तरीही परंपरा टिकतात, त्या का? मानववंशशास्त्रज्ञ डॅन स्पर्बर यांच्या मते माणसांची मने समान दिशांना झुकतात, म्हणून वेगवेगळ्या रचना पुन्हा त्याच रूपाकडे वळतात. मला हे स्पष्टीकरण मीमच्या कल्पनेपेक्षा अधिक सखोल वाटते, कारण त्यात स्थैर्याचे श्रेय कल्पनेच्या नकलेला नव्हे, तर ती रचणाऱ्या मनाला दिलेले आहे.

शिवाय जनुके आईवडिलांकडूनच येतात. कल्पना मात्र कोणाकडूनही घेता येते, हेतुपुरस्सर सुधारता येते आणि आयुष्याच्या मध्यावर सोडूनही देता येते. म्हणूनच संस्कृती वेगाने बदलते आणि कधीकधी जनुकांनाच मागून यावे लागते. प्रौढपणीही दूध पचवण्याची क्षमता देणारे जनुकीय बदल युरोपात आणि पूर्व आफ्रिकेत स्वतंत्रपणे पसरले, ते पशुपालन आणि दुधाचा वापर सुरू झाल्यानंतर, गेल्या सुमारे १०,००० वर्षांत.