खोट्या गच्चीवर खरे पाय

"मॅडम, ते डोळ्यांवर लावायचं यंत्र म्हणजे शेवटी खेळच ना? खोट्या गच्चीवर उभं राहून खरी भीती कशी जाईल?"

भीतीवरच्या उपचारात व्हीआरचं (व्हर्च्युअल रिॲलिटी, म्हणजे हेडसेट लावून दिसणारं आभासी जग) नाव काढलं की हा प्रश्न येतोच. कुणाला उंचीची भीती असते, कुणाला विमानाची, कुणाला बंद लिफ्टची. शंका मात्र सगळ्यांची एकच. ती रास्तच आहे. तिचं उत्तर मला नीट उमगलं ते पहिल्याच दिवशी हा प्रश्न विचारणाऱ्या एका ताईंमुळे. त्यांची ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदलून सांगते.

ताईंची मुलगी अकराव्या मजल्यावर राहायला गेली होती. घरात आठ महिन्यांचा नातू. ताई तिकडे जायच्या, पण गेल्या गेल्या पडदे ओढून घ्यायला लावायच्या, भिंतीला पाठ टेकून बसायच्या आणि बाळाला घेऊन बाल्कनीकडच्या खोलीत कधीच पाऊल टाकायच्या नाहीत. आईला आपलं घर आवडलं नाही, असं मुलीनं मनाशी धरलं होतं.

दुसऱ्या भेटीत त्या आवाज अगदी खाली आणून म्हणाल्या, "मी पडेन असं नाही वाटत मला. कठड्याजवळ गेले की माझे पायच मला पुढे ओढतील, मीच उडी मारीन, असं वाटतं." मी सरळ विचारलं, जगणं नकोसं झालंय का? मरण्याचा विचार येतो का? असं काही कानावर आलं की हे विचारल्याशिवाय पुढे जाऊच नये. तसं काहीच नव्हतं. उंचीवर असा ओढल्याचा भास पुष्कळांना होतो, ज्यांना उंचीची भीती नाही अशांनाही होतो, हे मी त्यांना सांगितलं. एवढं ऐकूनच त्यांचे डोळे भरून आले. इतकी वर्षं हे त्यांनी कुणाजवळ बोललंच नव्हतं.

भीतीला खतपाणी घालतं ते टाळणं. कठड्याकडे जायचंच नाही म्हटल्यावर तिथे गेलं असतं तर काय झालं असतं, हे मनाला कधी कळतच नाही. म्हणून एक्स्पोजर थेरपीत त्या प्रसंगात ठरवून, पायरीपायरीनं जायचं आणि पळ न काढता थांबायचं. अडचण अशी की खरी उंची आपल्या सोयीनं मिळत नाही. व्हीआरमध्ये आज दुसरा मजला, पुढच्या वेळी पाचवा, तोच कठडा एका तासात आठ वेळा, असं करता येतं. विमानाची भीती असेल तर उड्डाणाचा तेवढाच भाग पुन्हा पुन्हा दाखवता येतो.

पहिल्या सत्रात ताईंनी हेडसेट लावला आणि चौथ्या मजल्याच्या गच्चीवर त्यांचे गुडघे वाकले. हात माझं टेबल शोधू लागला. ० ते १०० मध्ये भीती किती, विचारल्यावर उत्तर आलं, ८०. "खोटं आहे हे कळतंय हो, पण पाय ऐकत नाहीत." ही पद्धत उभी आहे ती नेमकी यावर. डोळ्यांना कडा दिसला की शरीर आधी दचकतं, समज मागून येते.

हे काही नवं खूळ नव्हे. बार्बरा रॉथबॉम, लॅरी हॉजेस हे अमेरिकेतले संशोधक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९५ मध्ये उंचीच्या भीतीवर असे उपचार करून निष्कर्ष प्रसिद्ध केले. तेव्हाची चित्रं आजच्या मानानं अगदीच ओबडधोबड होती. तरी उपचार पूर्ण केलेल्या १० विद्यार्थ्यांपैकी ७ जण, कुणी सांगितलेलं नसताना, उपचार चालू असतानाच खऱ्या उंच जागी जाऊन आले. माझ्या मते ताईंच्या प्रश्नाचं सगळ्यात चांगलं उत्तर हेच आहे. पुढे २०१८ मध्ये ऑक्सफर्डच्या डॅनियल फ्रीमन यांच्या गटानं उंचीची भीती असलेल्या १०० जणांवर अभ्यास केला. साधारण निम्म्यांना व्हीआर मिळालं, आणि तिथे मार्गदर्शकही पडद्यावरचाच होता. त्यांची भीती सरासरी ६८ टक्क्यांनी उतरली.

ताईंकडे परत येते, कारण माझी चूक इथेच झाली. तिसऱ्या सत्रात त्यांचा आकडा काही मिनिटांत ८० वरून २० वर आला. मी खूश झाले आणि त्याच आठवड्यात त्यांना खऱ्या दुसऱ्या मजल्याच्या सज्जात घेऊन गेले. आकडा ८५! दरवाजाची चौकट त्यांच्या हातून सुटेना.

परतल्यावर मी विचारलं, "हेडसेट लावल्यावर तुम्ही आत नक्की काय करता?" त्या जरा घुटमळल्या. मग सांगितलं. नाकाजवळ हेडसेटला फट राहते, तिच्यातून त्या माझ्या खोलीची फरशी बघत राहायच्या आणि मनात "खोटं आहे, खोटं आहे" असा जप करायच्या. ज्या वाक्यानं त्यांनी मला पहिल्या दिवशी प्रश्न विचारला होता, तेच आता त्यांचा कठडा झालं होतं. मी आकड्याकडे बघत राहिले, त्यांच्या नजरेकडे पाहिलंच नाही.

पुढच्या वेळी आम्ही ती फट कापडानं बुजवली. जप बंद. सुरू करण्याआधी मी विचारलं, "हात मोकळे सोडून, खाली बघत दोन मिनिटं कडेला उभ्या राहिलात तर काय होईल?"

"पाय पुढे जातील."

"खात्री किती?"

"नव्वद टक्के."

त्या उभ्या राहिल्या. दोन्ही मिनिटं आकडा ७५ च्या खाली आला नाही. हेडसेट काढल्यावर त्या हिरमुसल्या, "काहीच उतरलं नाही की." मी विचारलं, "आणि पाय?" त्यांनी खाली पावलांकडे पाहिलं. बराच वेळ पाहिलं. "जागेवरच होते."

त्या दिवशी भीती कमी झाली नव्हती, त्यांचं भाकीत मात्र खोटं ठरलं होतं. भीती असतानाही पाय आपलेच राहतात, हे शरीरानं अनुभवलं की सज्जात काम सोपं होतं. म्हणून कुणी नुसता हेडसेट लावून "बघा, मजा येईल" म्हणत असेल तर सावध राहा. आधी नीट मुलाखत घेणार का, खऱ्या जागी जाण्याचा टप्पा योजनेत आहे का, मी थांब म्हटलं तर थांबणार का, हे विचारून घ्या. फिट येत असेल किंवा चक्करचा आजार असेल तर आधी डॉक्टरांना विचारा. काहींना हेडसेटमध्ये मळमळतं. डोळे सांगतात आपण हललो, कानातली तोल सांभाळणारी यंत्रणा सांगते जागेवर आहोत, आणि दोघांचं जुळत नाही. ती मळमळ म्हणजे भीती वाढली असं नव्हे. अशा वेळी सत्र आखूड करावं, दृश्य स्थिर ठेवावं.

आणखी तीन सत्रांनंतर आम्ही पुन्हा सज्जात गेलो. मग चौथा मजला, मग मुलीचं घर. मुलीला खरं कारण ताईंनी स्वतःच सांगितलं.

पाच महिन्यांनी त्या पुन्हा आल्या. मधल्या आजारपणात घराबाहेर पडणं थांबलं होतं आणि बाल्कनीत पुन्हा धडधड सुरू झाली होती. असं होतं, त्यात हरल्यासारखं काही नाही. मी हेडसेट काढायला कपाट उघडलं, तोवर ताई उठून दाराशी गेल्या होत्या.

"ते राहू द्या मॅडम. वरच्या सज्जातच जाऊ. आज तुम्ही मागे थांबा."