स्कोपिंग रिव्ह्यू हा खरंच 'सोपा रिव्ह्यू' असतो का? एकटीने तीन महिन्यांत होईल का?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: एम.एस्सी. नर्सिंगचं दुसरं वर्ष, विषय ऊसतोड कामगार महिलांचं आरोग्य, हातात तीन महिने. आणि गाईड मॅडम म्हणाल्या, "सिस्टिमॅटिक रिव्ह्यू तुला झेपायचा नाही, स्कोपिंग कर, त्यात क्वालिटी तपासावी लागत नाही." (रिव्ह्यू म्हणजे एखाद्या विषयावर आजवर झालेले अभ्यास ठरलेल्या पद्धतीने शोधून एकत्र मांडणं.) विषय वाचला आणि उत्तर द्यायला बसले, कारण याच विषयात मी आणि माझ्या दोन सहकाऱ्यांनी जवळजवळ वर्षभर डोकं घातलंय.

मॅडमचं अर्धं बरोबर आहे. सापडलेल्या अभ्यासांची गुणवत्ता तपासणं स्कोपिंगमध्ये सहसा नसतं. पण म्हणून काम कमी होतं, हे मात्र खरं नाही. आमचं तरी वाढलंच.

गावात पाणलोटाचं काम सुरू करण्याआधी शिवारफेरी काढतात. ओढा कुठून येतो, जमीन कुठे खरवडली गेलीय, उन्हाळ्यात कुठल्या विहिरीला पाणी टिकतं, हे पायी फिरून बघायचं आणि नकाशावर मांडायचं. स्कोपिंग रिव्ह्यू ही शिवारफेरी आहे. सिस्टिमॅटिक रिव्ह्यू म्हणजे एका विहिरीचं पाणी प्रयोगशाळेत पाठवून ते पिण्याजोगं आहे की नाही याचा निकाल मागणं. फेरीला निघालेला माणूस प्रत्येक विहिरीचं पाणी चाखत नाही, पण त्याला शिवाराचा एकही कोपरा सोडून चालत नाही.

म्हणून निवड झेपण्यावरून करायची नसते, प्रश्नावरून करायची असते. महाडच्या डॉ. हिंमतराव बावस्करांनी विंचूदंशावर प्राझोसिन वापरलं. त्या औषधाने रुग्ण वाचतात का, हा निकालाचा प्रश्न आहे, तो सिस्टिमॅटिककडे जातो. ऊसतोड महिलांच्या आरोग्याबद्दल आजवर कुणी, कुठे, कशा पद्धतीने काय पाहिलंय आणि काय पाहिलेलंच नाही, हा फेरीचा प्रश्न. तुमचा प्रश्न दुसऱ्या जातीचा आहे, म्हणजे मॅडमनी वाट बरोबर दाखवली, कारण तेवढं चुकीचं दिलं. दोन्हींतून निवड कशी करावी यावर झॅकरी मन आणि सहकाऱ्यांचा २०१८चा लेख आहे, फुकट वाचायला मिळतो. आधी तो वाचा.

पद्धतीचा इतिहास फार मोठा नाही. हिलरी आर्क्सी आणि लिसा ओ'मॅली यांनी २००५ मध्ये पाच टप्पे मांडले आणि सहावा ऐच्छिक ठेवला. २०१० मध्ये लेवॅक, कोल्कहून आणि ओ'ब्रायन या तिघींनी त्या टप्प्यांतल्या ढिल्या जागा आवळल्या. मग ऑस्ट्रेलियातल्या अॅडलेडच्या जेबीआय या संशोधन संस्थेने सविस्तर मार्गदर्शक लिहिला, आणि २०१८ मध्ये रिपोर्टिंगसाठी प्रिझ्मा-एससीआर ही तपासयादी आली: २० आवश्यक मुद्दे, २ ऐच्छिक. काम जेबीआयप्रमाणे करा, लिहिताना प्रिझ्मा-एससीआर शेजारी ठेवा. एवढं पुरतं.

आता खरं डोकं खाणारी गोष्ट: शिवाराची हद्द. जेबीआयचा साचा तीन शब्दांचा आहे, लोक, संकल्पना आणि संदर्भ. ऐकायला सोपा. 'लोक' म्हणजे ऊसतोड महिला, असं आम्ही पहिल्या दिवशी लिहिलं आणि आठवडाभर तिथेच अडकलो. कारण 'एक कोयता' म्हणजे नवरा-बायकोची जोडी. उचल जोडीला मिळते, खाडा जोडीचा धरतात, मुकादमाच्या वहीत बाई वेगळी सापडत नाही. मग ज्या अहवालात आकडे कोयत्यांचे दिलेत, त्यातून बायकांचं काय कळणार? शेवटी ठरवलं की आकडेवारीच्या अभ्यासात महिलांची माहिती वेगळी काढता आली तरच तो घ्यायचा, मुलाखतींवरच्या गुणात्मक अभ्यासाला ही अट नाही. 'संकल्पना' म्हणजे आरोग्य, आणि आरोग्य म्हणजे अख्खं आभाळ: गर्भाशयाच्या शस्त्रक्रिया, पाळी, फडातलं बाळंतपण, मणका, ऊन, कोपीवरचं, म्हणजे तात्पुरत्या झोपडीवरचं, पिण्याचं पाणी. 'संदर्भ' फक्त महाराष्ट्र म्हणावा तर बीडची माणसं कर्नाटकातल्या कारखान्यांनाही जातात. आणि निकाराग्वा, एल साल्वाडोरमध्ये तरुण ऊसतोड्यांची किडनी निकामी होते त्यावर भरपूर संशोधन आहे, ते घ्यायचं की नाही? आम्ही बाहेर ठेवलं. तुम्ही आत घ्या हवं तर. मात्र का घेतलं किंवा का सोडलं हे शोध सुरू करण्याआधी प्रोटोकॉलमध्ये, म्हणजे कामाच्या लेखी आराखड्यात, लिहिलेलं हवं. मधे हद्द हलवावी लागली तर हलवा, स्कोपिंगमध्ये ते चालतं, पण तारीख आणि कारण टाकून.

प्रोटोकॉल नोंदवायला प्रॉस्पेरोवर, म्हणजे सिस्टिमॅटिक रिव्ह्यूंच्या नोंदणीच्या साइटवर, जाऊ नका. तिथे स्कोपिंग रिव्ह्यू घेत नाहीत. ओपन सायन्स फ्रेमवर्कवर टाका, मोफत आहे.

शोध तीन फेऱ्यांत होतो. आधी एक-दोन डेटाबेसमध्ये चाचपणी करून कोणते शब्द वापरले जातात ते बघायचं. मग त्या शब्दांची मोळी बांधून सगळीकडे पूर्ण शोध. आणि शेवटी निवडलेल्या लेखांच्या संदर्भयाद्या चाळायच्या. पहिल्या फेरीत घाई करू नका. आमची फजिती सांगते. बीडचं इंग्रजी स्पेलिंग तीन प्रकारे सापडतं: बी-ई-ई-डी, बी-आय-डी, आणि निजामकाळातल्या कागदांत बी-एच-आय-आर. आम्ही तिन्ही टाकली. पबमेड या वैद्यकीय लेखांच्या डेटाबेसला अक्षर मोठं की लहान याचं काही नसतं, आणि औषधांच्या जगात बी-आय-डी म्हणजे 'दिवसातून दोनदा'. त्यामुळे दिवसातून दोनदा गोळी देणाऱ्या जगभरच्या चाचण्या आमच्या अंगावर आल्या. नुसतं 'केन' टाकलं तर म्हाताऱ्यांच्या हातातल्या काठीवरचे अभ्यास येतात. 'शुगरकेन' जोडून लिहिलं की एक यादी, तोडून लिहिलं की दुसरी. पबमेडच्या ठरीव विषयशब्दांत उसासाठी 'सॅकॅरम' आहे, पण ते पीक म्हणून. त्यातून उसाची जनुकं आणि उसावरचे रोग मिळतात, ऊस तोडणारी बाई मिळत नाही. हे सगळं आमच्या ग्रंथपाल बाईंनी एका दुपारी निस्तरलं. त्यांना सहलेखक केलं नसतं तर लाज वाटली असती.

तुमच्या विषयात नुसत्या पबमेडवर विसंबलात तर निम्मं शिवार बघायचं राहील. २०१९ मध्ये बीडमधल्या शस्त्रक्रियांच्या बातम्यांनंतर राज्य सरकारने नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. पाहणीत आलेल्या ८२,३०९ ऊसतोड महिलांपैकी १३,८६१ जणींचं गर्भाशय काढलेलं आढळलं. हा आकडा सगळे वापरतात, पण त्याचं मूळ जर्नलमध्ये नाही, सरकारी कागदात आहे. सोपेकॉम ही संस्था आणि महिला किसान अधिकार मंच यांचं या बायकांबद्दलचं काम अहवालांत आहे. पीएच.डी.चे प्रबंध शोधगंगेवर असतात. बिहार, राजस्थान, छत्तीसगडमधल्या अनावश्यक गर्भाशय शस्त्रक्रियांवर सर्वोच्च न्यायालयाचा एप्रिल २०२३चा निकाल आहे. ऊसतोडीशी त्याचा थेट संबंध नाही, पण तुमची हद्द 'गरीब ग्रामीण महिला आणि गर्भाशय' अशी असेल तर तो आत येतो. हे सगळं ग्रे लिटरेचर, म्हणजे जर्नलबाहेरचं साहित्य, आणि ते शोधायला मराठीतूनच शोधावं लागतं. 'हिस्टेरेक्टॉमी' हा शब्द बीडमध्ये कोण बोलतं? 'पिशवी काढली' असं म्हणतात. आम्ही 'पिशवी', 'गर्भपिशवी', 'गर्भाशय', सगळं टाकलं. बातम्या पुरावा म्हणून घेतल्या नाहीत; बातमीत ज्या अहवालाचा उल्लेख असेल त्याच्या मागावर मात्र गेलो.

सापडलेला लेख आत घ्यायचा की नाही, या चाळणीला दोघं लागतात, एकमेकांचं न बघता. आधी २५ शीर्षकं आणि सारांश दोघांनी वेगवेगळे चाळायचे, किमान ७५ टक्के ठिकाणी मत जुळलं तरच पुढे जायचं, असं जेबीआय सांगतं. आमचं पहिल्यांदा जुळलं नाही. माझी डॉक्टर मैत्रीण 'शेतमजूर महिला' म्हटलेले सगळे लेख आत घेत होती आणि मी बाहेर फेकत होते. भांडलो, नियम नीट लिहिला, परत २५ चाळले. संदर्भ साठवायला झोटेरो, चाळणीला रय्यान. दोन्ही पैसे न भरता वापरता येतात.

निवडलेल्या लेखांतून माहिती तक्त्यात उतरवायची, याला चार्टिंग म्हणतात. हौसेने चाळीस रकाने करू नका. आम्ही केले होते, अर्धे रिकामे राहिले. पाच-सहा लेखांवर तक्ता आधी वापरून बघा, मग कात्री लावा. पण आकड्याशेजारी चार गोष्टी असल्याच पाहिजेत: कुणी मोजलं, कधी, कुठे आणि भाजक कोणता. वरचा ८२,३०९ हा भाजक जिल्ह्यातल्या सगळ्या बायकांचा नाही. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीतही गर्भाशय काढल्याबद्दल विचारलंय, पण तिथे भाजक १५ ते ४९ वयाच्या महिलांचा. दोन्ही टक्के वय न बघता शेजारीशेजारी लिहून 'इतके पट' असं वाक्य ठोकून देण्याचा मोह होतो. मला झाला होता.

त्याहून मोठी चूक मी शेवटच्या परिच्छेदात केली. लिहून गेले, "ऊसतोडीच्या कामामुळे गर्भाशय काढण्याचं प्रमाण वाढतं हे सिद्ध होतं." जर्नलकडून लेख परत आला. तपासणाऱ्याने एवढंच विचारलं होतं: "अभ्यासांची गुणवत्ता तुम्ही पाहिलेली नाही, मग सिद्ध कशावरून?" काही उत्तर नव्हतं. गुणवत्ता तपासायची नाही या सवलतीची किंमत ही अशी असते: निकाल द्यायचा हक्क जातो. 'इतके अभ्यास, या जिल्ह्यांतले, या पद्धतीचे, या विषयावर' इथवरच बोलता येतं. तसंच 'यावर संशोधन नाही' असं लिहू नका, 'आमच्या शोधात सापडलं नाही' असं लिहा. आणि दरी दिसली की ती बुजवलीच पाहिजे असंही नसतं. कुणी अभ्यास केला नाही याचं कारण कधीकधी प्रश्नच फुसका आहे, हे असतं.

सहावा टप्पा, म्हणजे ज्यांच्याबद्दल लिहितोय त्यांच्याशी बोलणं, आर्क्सी आणि ओ'मॅली यांनी ऐच्छिक ठेवला होता. लेवॅक आणि सहकारी म्हणतात तो हवाच. मी त्यांच्या बाजूची आहे. पावसाळ्यात, टोळ्या गावी असताना, आम्ही आमचा तक्ता सोप्या भाषेत काही बायकांपुढे मांडला. एक आजी बराच वेळ ऐकत होत्या. मग म्हणाल्या, "समदं पिशवीचंच लिव्हलंय व्हय? डोक्यावर मोळ्या वाहून मानंचं जे झालं, ते कुणी इचारलंच न्हाई?" आम्ही परत जाऊन तक्ता बघितला, तर मान, पाठ, गुडघे यांच्या रकान्यात खरंच फारसं काही नव्हतं. चर्चेच्या भागाचा पहिला परिच्छेद त्या आजींच्या प्रश्नावरून लिहिला. फक्त एक काळजी घ्या: छापील कागदांच्या रिव्ह्यूला एथिक्स कमिटीची परवानगी सहसा लागत नाही, पण माणसांशी बोलून ते लेखात वापरणार असाल तर कमिटीला आधी विचारा. आमचे दोन महिने तिथेच गेले.

आता तुमचे तीन महिने. 'ऊसतोड महिलांचं आरोग्य' एवढा विषय एकटीने तीन महिन्यांत होणार नाही. 'महाराष्ट्रातल्या ऊसतोड महिलांचं पाळी आणि गर्भाशयाचं आरोग्य, २००५ नंतरचं, मराठी आणि इंग्रजीतलं' एवढं केलंत तर होईल. २००५ का, तर त्या वर्षी राष्ट्रीय ग्रामीण आरोग्य अभियान आणि आशा आल्या. वर्ष निवडायला काहीतरी कारण हवं, 'गेली वीस वर्षं' हे कारण नाही. एवढ्या वेळात सहावा टप्पा बसला नाही तर मर्यादांमध्ये तसं लिहा. एकटी असण्यावर उपाय सोपा आहे: वर्गातली अजून कुणी रिव्ह्यू करत असेल तर चाळणीची अदलाबदल करा, तिचे तुम्ही चाळा, तुमचे ती, आणि आभारात नाव घाला. पहिले तीन आठवडे प्रोटोकॉल आणि शब्दांवर घालवलेत तरी वाया गेले असं समजू नका. लेख गोळा करायला एआयला सांगू नका, नसलेले लेखही लेखकांच्या नावासकट समोर ठेवू शकतो.

आणि कॉलेजच्या ग्रंथपालांना या आठवड्यातच गाठा. जाताना बीडची तिन्ही स्पेलिंगं लिहून न्या, डबाही न्या. एका बैठकीत आटपत नाही.