मॉरिशसचे डोंगर ठेंगणे का?

प्रश्न : मॉरिशसच्या सहलीत पाहिलेले काळ्या कातळाचे, उभ्या कड्यांचे डोंगर थेट सह्याद्रीतले वाटले, मात्र ते फारच ठेंगणे आहेत. हे साम्य वरवरचे आहे का? आणि ‘पीटर बोथ’ हे तेथील सर्वोच्च शिखर, ही वाहनचालकाने दिलेली माहिती बरोबर आहे का? – एक वाचक, ठाणे

उत्तर : सर्वोच्च शिखराचा मान नैर्ऋत्येकडील पितों द ला पेतित रिव्हिएर न्वार या 828 मीटर उंचीच्या शिखराकडे जातो. पीटर बोथ त्याहून अवघे 8 मीटर कमी. पण माथ्यावर, बारीक मानेवर मुंडके ठेवावे तसा, प्रचंड धोंडा तोललेला असल्याने आणि पोर्ट लुईच्या सखल भागातून ते एकदम उठावलेले दिसत असल्याने नजर तेथेच खिळते. खरे सर्वोच्च शिखर मात्र आसपासच्या डोंगरगर्दीत लपून जाते. 1615 मध्ये याच बेटाजवळ जहाज फुटून बुडालेल्या डच गव्हर्नर जनरलचे नाव पीटर बोथ शिखराला मिळाले आहे.

साम्याला मात्र भक्कम आधार आहे. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी दख्खनच्या पठारावर लाव्हाचे थरांवर थर ओतणारा भूगर्भातील तप्त स्रोत आणि मॉरिशसला जन्म देणारा स्रोत एकच, असे बहुतेक भूवैज्ञानिक मानतात. भूखंड त्याच्यावरून सरकत गेले, स्रोत जवळपास जागीच राहिला. दोन्हीकडचा खडक बेसाल्टच. मात्र सह्याद्रीचे कडे आडव्या थरांचे पठार झिजून उभे राहिले, तर मॉरिशसचे डोंगर म्हणजे सुमारे 80 लाख वर्षांपूर्वीच्या एकाच विशाल ज्वालामुखीच्या कडेचे तुटक अवशेष होत. मोका, ग्रां पोर आणि सावान या रांगा नकाशावर जोडून पाहिल्यास बेटाभोवतीचे खंडित कडे स्पष्ट दिसते. मधल्या पठारावर पुढे नवा लाव्हा पसरला. क्युरपीपचे त्रू ओ सेर्फ हे विवर त्याच काळातले. उसाच्या शेतांत दिसणारे काळ्या दगडांचे ढीगही त्याच लाव्हाचे असून, जमीन लागवडीखाली आणण्यासाठी मजुरांनी ते रचले.

ठेंगणेपणाचे कारण वय आहे. स्रोतापासून दूर गेल्यावर नवी भर थांबली, झीज चालूच राहिली आणि थंडावणारा सागरतळही खचत गेला. शेजारचे रियुनियन बेट मात्र वयाने बरेच लहान असल्याने तेथील पितों दे नेज अद्याप सुमारे 3,070 मीटर उंच आहे, आणि पितों द ला फुर्नेझ हा ज्वालामुखी आजही वारंवार उद्रेक पावतो.