पानगळ सुरू झाली की जीव घाबरा होतो

ताई, यजमानांना जाऊन दीड वर्ष झालं आणि नागपूरचं घर बंद करून तुम्ही बॉस्टनला मुलाकडे राहायला गेलात. मेपलची पानं लाल झाली की सगळे फोटो काढतात, तुम्हाला मात्र खिडकीशी उभं राहवत नाही. परवा नातवाने मूठभर पानं आणून दिली, तुम्ही ती कचऱ्यात टाकलीत आणि तो रडला. ‘प्रत्येक ऋतू यांना माझ्यापासून आणखी लांब नेतोय, आता त्यांचा आवाजही नीट आठवत नाही,’ असं लिहिलंय तुम्ही.

झाडाला पुन्हा पालवी फुटते, असं सांगून मी तुमची समजूत काढणार नाही. पालवी येते, माणूस येत नाही.

पण तुम्ही जन्मभर पाहिलेली पानगळ निराळी होती. विदर्भात साग ओकाबोका होतो तो ऊन चढत असताना, आणि त्याच सुमाराला बिनपानांच्या फांद्यांवर पळस फुलतो. पानगळीमागून होळी येते. बॉस्टनला पानगळीमागून अंधार येतो. नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी घड्याळं तासभर मागे गेली की साडेचारच्या सुमारास सूर्य मावळतो. त्यात पितृपक्ष नुकताच सरलेला. अशात मन कातर झालं तर तो तुमचा दुबळेपणा नव्हे.

रोज सकाळच्या उजेडात चालून या. झोप-भूक उडाली असेल आणि दोन आठवडे तसंच चाललं असेल, तर मुलाला घेऊन डॉक्टरांकडे जा. हिवाळ्यातलं नैराश्य तिकडच्या डॉक्टरांच्या ओळखीचं आहे, त्यावर प्रकाशाचे उपचारही असतात.

आवाजाचं काम आजच करा. दीर, नणंदा, यजमानांचे मित्र, सगळ्यांकडे विचारा. व्हॉट्सॲपवरचा एखादा निरोप, लग्नाच्या व्हिडिओतलं बोलणं, जे मिळेल ते मुलाला दोन ठिकाणी साठवून ठेवायला सांगा.

आणि नातवाला जवळ घ्या. पानं टाकायला नको होती, हे त्याला स्वच्छ शब्दांत सांगा, मग दोघं मिळून पुन्हा वेचा. पिवळं पान सापडलं तर सांगा, हा रंग उन्हाळाभर पानातच होता, हिरव्याखाली झाकलेला. देठ सुटला त्या जागेच्या वर पुढच्या वर्षीच्या पालवीचा डोळा आधीच धरलेला असतो, तोही त्याला शोधायला लावा. मध्येच आजोबांचा विषय निघेल, तुम्हीच काढा. त्याच्यासमोर रडू आलं तर येऊ दे; आजी का रडते हे त्याला कळलेलं बरं.

गाडीतून रंग बघायला यंदा जायचं नसेल, तर मुलाला सरळ नाही म्हणा. ‘पुढच्या ऑक्टोबरात मला पुन्हा विचार,’ एवढं मात्र सांगून ठेवा.