कोकणात जंगलतोड होत असताना अहवालात वनाच्छादन भरपूर का दिसतं?

कारण त्या आकड्यात आंबा-काजूच्या बागाही मोजल्या जातात. हा अहवाल काढणारी केंद्र सरकारची संस्था म्हणजे भारतीय वन सर्वेक्षण. तिच्या व्याख्येनुसार १ हेक्टर किंवा त्याहून मोठ्या जमिनीवर झाडांच्या माथ्यांची सावली १० टक्के वा जास्त असली की ते वनाच्छादन. मालकी कोणाची, झाड कुठलं, हे बघत नाहीत. त्यामुळे डोंगरउतारावरची ऐन-किंजळासारखी रानझाडं तोडून काजूची कलमं लावली, ती वाढली, की उपग्रहाला पुन्हा हिरवंच दिसतं. १९९० पासून रोजगार हमीतून फळबागांना अनुदान मिळू लागलं, तेव्हापासून हा बदल फार झाला. अर्थात प्रत्येक बाग जंगल तोडूनच झालेली नाही, कित्येक तर उघड्या कातळावर सुरुंग लावून, माती भरून उभ्या केल्यात.